तीनशे मोजेपर्यंत

आमच्या वाडीच्या वर सडा आहे, नुसता कातळ, तिथे ती संस्था. काळाचा अभ्यास करतात तिथे. मी झाडलोट करायचे नि ताट पोचवायचे. आठवीपर्यंत शिकले, त्यामुळे ते सगळे काय बोलतात ते मला पुरतं कधी कळलं नाय, पण एका खोलीचं कळलं होतं. त्या खोलीला खिडकी नाय, आत घड्याळ नाय. एक माणूस आपणहून आत राहायला आलेला. बाहेर दिवस की रात्र हे कळलं नाय तर माणसाचं शरीर वेळ कशी धरतं ते बघायला.

त्याच्याकडे जायचं तर नियम फार. ओले केस चालत नायत, सकाळ आहे हे कळतं. अबोलीचा गजरा नाय. भिजलेला पदर नाय. ताटात नेहमी तेच ते. त्याच्याशी बोलायचं नाय, आणि मोबाइल बाहेर डब्यात ठेवून जायचं.

सासू हसायची. "काळ शिकून करणार काय गो ते? माझा पोरगा गणपतीला येतो मुंबईहून, ते गणपती लवकर आणतात काय विचार तुझ्या सायबाला."

मी पण हसायचे. तेव्हा माझ्या पोरीला आकडी येत नव्हती.

मग यायला लागली. अकरा महिन्यांची पोर, ताप चढला की डोळे वर जायचे, हातपाय ताठ. डॉक्टरांनी नाकात मारायचं औषध दिलं, म्हणाले, पाच मिनिटं बघा, आपोआप थांबली तर नका देऊ, याने श्वास दबतो, पण पाचच्या पुढे गेली तर लगेच द्या आणि घेऊन या. पाच मिनिटं. ते आणि श्वास दबतो, एवढंच माझ्या डोक्यात बसलं.

सासूला घड्याळ वाचता येत नाय. तिची वेळ म्हणजे पेज उकळेपर्यंत, नारळ खवून होईपर्यंत. म्हणून मी तिला बटणाच्या फोनवर शिकवलं होतं, आई, हे एक नंबरचं बटण दाबून धरा, मला लागेल, मी मोजते, मी सांगितलं की मारा. तेव्हापासून मी मोबाइल डब्यात ठेवायचं बंद केलं. आवाज बंद करून कमरेला खोचून आत जायचे. घाबरत जायचे, काम गेलं तर दुसरं कुठे मिळायचं, पण जायचे.

त्या दिवशी ताट ठेवलं आणि कमरेला थरथरलं.

"बाय गो," सासू ओरडत होती, "आली, आली, डोळे फिरवलेन!"

मी तिथेच भिंतीकडे तोंड करून उभी. फोन कानाला, बाहेर पळू तर दोन दारं, आत फोन लागतो तो पण त्या एका कोपऱ्यात. मोजायला लागले, एक, दोन, सात, आणि पुढचं सुचेचना. फोन कानापासून काढून बघायला हवा होता. नाय बघितला. एक तर सासूचा आवाज सुटेल असं वाटलं, आणि त्या माणसाला वेळ दिसली तर त्याचे एवढे दिवस फुकट जातील, ते पण मनात आलं. एवढी मूर्ख मी.

तो माणूस उठला. शिकलेला, शांत. म्हणाला, "ताई, काय झालंय?"

मी बोलले. पाच मिनिटं मोजायचीत, बोलले.

"घाबरू नका. मी मोजतो. हे लोक माझ्याकडून रोज तीनशे मोजून घेतात, सेकंदाला एक. माझं रोजचंच काम आहे."

आणि मोजायला लागला. एक. दोन. तीन. किती बरं वाटलं मला. काळ शिकायच्या जागेतला माणूस, तो चुकेल कसा?

सासू विचारत होती, "देऊ?"

मी म्हटलं, "थांबा आई, शंभर पण नाय झाले."

"गो, ओठ काळे पडले. देऊ?"

"थांबा. श्वास दबेल."

"देऊ काय गो!"

तो दोनशे ऐंशीवर होता. मी थांबायला लावलं. तीनशे म्हणाला तेव्हा मी किंचाळले, द्या.

दवाखान्यात पोचले तेव्हा पोर झोपली होती. डॉक्टरांनी विचारलं, किती वेळ चालली? मी म्हटलं, पाच मिनिटं, पाच झाल्या झाल्या दिलं. ते म्हणाले, मग ठीक. दोन दिवस ठेवून घरी सोडलंनी.

घरी आल्यावर मला दिसलं, डावी मूठ उघडत नाय. खुळखुळा दिला तर उजव्यानेच घेते. सासू म्हणायला लागली, माझंच चुकलं, माझा हात कापला, अर्धं औषध गालावर सांडलं. शेजारणीला सांगायची, पोरीच्या बापाला फोनवर सांगायची. रडायची.

कामावर गेले तर साहेबांनी बोलावलं. मला वाटलं, काढणार. पण ते ओरडले नायत. त्या खोलीतलं सगळं यंत्रात भरलं जातं, त्यांनी ऐकलं होतं. म्हणाले, "बाळ कसं आहे?" मग म्हणाले, "तुम्हाला सांगायलाच हवं. त्यांचे तीनशे अकरा मिनिटांत झाले. आत राहून राहून माणसाचा सेकंद लांबतो, त्याला स्वतःला कळत नाही. भिंतीवर काचेत ती चढती रेघ आहे ना, ती त्यांचे रोजचे तीनशे किती वेळात होतात त्याचीच."

ती रेघ मी रोज पुसायचे, काचेवरून फडकं मारायचे.

बाहेर येऊन मोबाइल उघडला. सासूचा फोन, तेरा मिनिटं चाललेला. सगळं त्यात होतं.

तीन दिवस मी कुणाला बोलले नाय. डॉक्टरांना पाच सांगितलेलं, आता अकरा सांगू तर काय म्हणतील, पोलिसात देतील का, नवरा काय म्हणेल. आणि सासू रडतेय ते बघत बसायचे. पण मूठ उघडेना. चौथ्या दिवशी तपासायला नेलं. सासू शेजारी, पोर तिच्या मांडीवर. डॉक्टर मूठ सोडवून बघत होते, म्हणाले, पाच मिनिटांत असं होऊ नये खरं म्हणजे. लिहायला लागले.

मी म्हटलं, "पाच नव्हती. अकरा होती."

"मग पाच का सांगितलंत?"

मी सगळं सांगितलं. कोण मोजत होतं, मी कशी थांबवत होते. डॉक्टरांनी लिहिलेलं खोडलं. डोक्याचा फोटो काढायला कोल्हापूरला जायला हवं म्हणाले, आणखी लांबवू नका.

रिक्षात बसल्यावर मी हात पुढे केले, म्हटलं, आई, द्या तिला, दमलात तुम्ही.

"ऱ्हावदे," म्हणाली.

तिने पोरीची ती डावी मूठ आपल्या हातात धरलीन होती. दवाखान्यापासून वाडीपर्यंत तिने ती सोडली नाय, आणि पोर माझ्याकडे दिली नाय.