दोन मावश्या, एक होडी

माझ्या नवऱ्याच्या मावशींसमोर आजवर कुणालाही अनोळखी राहता आलेलं नाही. भारतात तर नाहीच, पण अमेरिकेतही नाही, आणि अमेरिकेत माणसाला अनोळखी राहायची केवढी सोय आहे हे इथे राहणाऱ्यांना सांगायला नको. मावशींची सगळी नोकरी कराडच्या एसटी स्टँडवर चौकशीच्या खिडकीत गेली. लोक विचारायचे, चिपळूणची गाडी कधी लागेल? मावशी वेळ सांगायच्या आधी विचारायच्या, "कुणाकडे जायचंय?" कारण कुठली गाडी धरायची हे त्यांच्या मते त्यावर ठरायचं. लग्नाला निघालेल्याला त्या सकाळची गाडी सांगायच्या. सासरी भांडून माहेरी निघालेल्या मुलीला मात्र दुपारची. तोवर राग उतरला तर बरं, असा हिशोब. निवृत्तीनंतर खिडकी सुटली, चौकशी राहिली.

२००४ सालच्या एप्रिलात त्या आमच्याकडे टेक्सासमधल्या प्लेनोला आल्या तेव्हा त्यांच्या एका बॅगेत कपडे होते आणि दुसरीत ब्लाउजपीस. इतके ब्लाउजपीस कशाला, असं मी विचारलं, तर म्हणाल्या, "अगं, नवीन गावात जायचं म्हणजे बायका भेटणार. रिकाम्या हातानं कसं भेटायचं?" दोन वर्षं त्या घरात राहून शेजारच्या बाईचं नाव मला माहीत नव्हतं, ते मावशींना चौथ्या दिवशी कळलं. शिवाय तिच्या गुडघ्याचं ऑपरेशन कधी झालं आणि तिची सून कशी वागते हेही कळलं. ब्लाउजपीस मिळाल्यावर त्या बाईनं तो चौकटीत बसवून हॉलच्या भिंतीवर लावला. "शिवायला शिंपी नसेल बिचारीला," मावशी म्हणाल्या.

त्यांचं इंग्रजी खिडकीतलं होतं, म्हणजे सगळे प्रश्न. "विच प्लेस? हूज हाउस? हू इज अ‍ॅट होम?" एवढ्या भांडवलावर त्या रोज संध्याकाळी साडी, पायांत बूट आणि टेक्सासच्या उन्हाळ्यातही अंगात स्वेटर अशा थाटात फिरायला निघत. फुटपाथवर त्या एकट्याच. एकदा एका बाईनं काळजीनं गाडी थांबवली, की म्हातारी वाट चुकली की काय. मावशी गाडीत बसल्या आणि दीड तासानं घरी उतरल्या. आमच्या तोंडचं पाणी पळालं होतं. मावशी शांतपणे बूट काढत म्हणाल्या, "चांगली आहे बाई. घटस्फोट झालाय, पण चांगली आहे." मात्र अशी माणसं त्यांना पुरत नव्हती. दुपारी त्या खिडकीशी बसून समोरची घरं बघायच्या. "गॅरेजचं दार उघडतं, गाडी आत जाते, दार मिटतं. यात माणूस कधी दिसायचा?" असं म्हणून उसासा टाकायच्या.

हे सगळं गमतीचं असलं तरी आमच्या घरात त्या दिवसांत एक प्रश्न टांगलेला होता. माझा नवरा तिसरीत असताना त्याची आई गेली. मावशींनी लग्न केलं नाही आणि त्याला वाढवलं. आदल्या वर्षी त्या कराडच्या घरी बाथरूममध्ये पडल्या आणि ते आम्हाला शेजारणीच्या फोनवरून कळलं, तेव्हापासून त्याची झोप उडाली होती. कराडचं घर बंद करायचं आणि कायद्यानं राहता येईल तेवढे दिवस दरवर्षी आमच्याकडे राहायचं, असं त्यानं ठरवलं होतं. खालची खोली रंगवून घेतली, बाथरूममध्ये धरायला दांडे बसवले. मुक्कामाची मुदत वाढवायचा अर्ज भरून तयार होता, फक्त मावशींनी हो म्हणायचं होतं. त्यानं विषय काढला की सगळ्या जगाला गाड्यांच्या वेळा सांगणाऱ्या मावशी म्हणायच्या, "बघू." ऑक्टोबरात सहा महिने संपणार होते. म्हणून सप्टेंबरच्या लाँग वीकएंडला तो त्यांना लुइझियानाला घेऊन निघाला. तिथे एका मोठ्या तळ्याच्या काठाला पाण्यात खांब रोवून त्यावर घरं बांधलेलं कोळ्यांचं गाव आहे आणि ते होडीतून दाखवतात, असं त्याला ऑफिसात कुणीतरी सांगितलं होतं. त्याची समजूत अशी, की या देशात बघण्यासारखं किती आहे हे पटलं की मावशी राहतील. मावशींनी आदल्या दिवशी बेसनाचे लाडू वळले. "गावाला जायचंय ना," म्हणाल्या.

होडी सपाट बुडाची होती, वर ताडपत्रीचं छप्पर. आमच्याबरोबर ओहायोचं एक वयस्क जोडपं होतं, आणि सुकाणूवर पन्नाशीचा, पोट सुटलेला, टोपीवाला गाइड. पाणी चहाच्या रंगाचं आणि इतकं स्थिर, की बोलायचाही संकोच वाटावा. गाइडनं वाटेत मगरीला मार्शमेलोचे गोड गोळे टाकले, ते तिनं आनंदानं खाल्ले. मावशींनी ओहायोच्या आजोबांना विचारलं, "डेली स्वीट?" मग वळण घेतलं आणि गाव आलं. लाकडी खांबांवर उभी घरं, प्रत्येकाला पाण्यात उतरणारा जिना, कठड्यांवर वाळत टाकलेली जाळी, खेकड्यांचे पिंजरे रचून ठेवलेले. गाइड एकेक घर दाखवून सांगत होता, की हे कुणी बांधलं, ते कुठल्या वादळात पडलं, मग पुन्हा कसं बांधलं. माझा नवरा फोटो काढत होता. मावशी मात्र अस्वस्थ झाल्या होत्या. "अरे, लोक घरात आहेत," त्या कुजबुजल्या. "आपण त्यांची घरं अशी बघतोय काय? हाक नाही, काही नाही."

तेवढ्यात एक निळं घर आलं. गाइडनं भोंगा वाजवला. व्हरांड्यात खुर्चीवर बसलेल्या म्हातारीनं हात केला. "ही माझी आंट," गाइड म्हणाला. "नव्वदीला आलीय, एकटी राहते, इथून हलत नाही."

मावशी ताठ बसल्या. "आंट मीन्स? मदर्स सिस्टर ऑर फादर्स सिस्टर?"

गाइडला हा प्रश्न जन्मात कुणी विचारला नसावा. "मदर्स," तो म्हणाला.

"म्हणजे मावशी!" मावशी कडाडल्या. "अँड यू आर शोइंग हर फ्रॉम आउटसाइड?"

"मावशी, अगं टूर आहे ही," माझा नवरा घाईनं म्हणाला. "त्यांचं शेड्यूल असतं. मध्येच स्टॉप नाही करत."

"शेड्यूल मला शिकवू नकोस. मावशीच्या दारावरनं जायचं आणि आत जायचं नाही? विचार त्याला, शेवटचा कधी गेला होता आत."

नवऱ्यानं विचारलं नाही. विचारायची गरजही पडली नाही, कारण गाइडची मान लाल झाली होती. त्यानं ओहायोच्या जोडप्याकडे बघितलं, आजोबांनी खुशीत मान हलवली, आणि होडी निळ्या घराच्या जिन्याला लागली.

म्हातारीला आश्चर्य वाटलं असेल तर तिनं तसं दाखवलं नाही. तिनं सगळ्यांना बर्फ घातलेला चहा दिला. मावशींनी लाडू पुढे केले आणि पर्समधून जांभळा ब्लाउजपीस काढून तिच्या हातात ठेवला. म्हातारी आत गेली आणि एक बरणी घेऊन आली. बरणीत भेंडीचं लोणचं होतं. मावशींनी ती उन्हात धरून बघितली आणि मला म्हणाल्या, "बघ, भेंडीसुद्धा सोडली नाही हो." मग दोघी शेजारी बसल्या आणि मावशींची चौकशी सुरू झाली. कोण कोण आहे, कोण कुठे असतं, रात्री दिवा लावून झोपता की कसं. गाइड कठड्याला टेकून माझ्या नवऱ्याला सांगत होता, की मी दरवर्षी म्हणतो, बॅटन रूजला माझ्या घरी चल, खोली तयार आहे. माझा नवरा म्हणाला, "माझंही सेम आहे." त्यावर म्हातारी लांब हेल काढत काहीतरी बोलली आणि हसली.

तिचे उच्चार मावशींना कळले नाहीत. "काय म्हणाली रे?" त्यांनी माझ्या नवऱ्याला विचारलं.

मी त्याच्याकडे बघत होते. तो तळ्याकडे बघत होता. काहीही सांगून वेळ मारून नेता आली असती. पण त्यानं एकही शब्द न गाळता सांगितलं. "ती म्हणते, इथे दिवसातून तीनदा भाच्याची बोट ऐकू येते. त्याच्या घरी गेले तर दिवसभर त्याचा टीव्ही ऐकू येईल."

मावशींनी मान डोलवली. म्हातारीचा हात हातात घेऊन त्या बराच वेळ बसून राहिल्या, आणि गंमत म्हणजे त्यानंतर त्यांनी एकही प्रश्न विचारला नाही. परतीच्या वाटेवर, होडीतच, त्या माझ्या नवऱ्याला म्हणाल्या, "मी ऑक्टोबरात जाते रे. तू खोली छान केलीस." तो "बरं" म्हणाला आणि कॅमेऱ्याचं झाकण लावत बसला.

पुढच्या ऑगस्टात लुइझियानाला ते मोठं वादळ झालं. कराडहून रोज फोन येऊ लागला, "त्या मावशीची चौकशी केलीस का?" टूरवाल्यांचा फोन लागत नव्हता. तीन आठवड्यांनी गाइडच सापडला. गावातलं एकही घर उरलं नव्हतं, नुसते खांब उभे होते. पण वादळाच्या आदल्या दिवशी तो होडी घेऊन गेला होता आणि म्हातारी ओरडत असताना तिला उचलून घेऊन आला होता. ती आता त्याच्याकडे बॅटन रूजला होती, घराची आठवण काढून त्याच्यावर चिडत होती आणि जेवत होती.

नवऱ्यानं हे फोनवर सांगितलं तेव्हा स्पीकर चालू होता. इतकी वर्षं प्रत्येक फोन मावशी "काळजी करू नकोस" असं म्हणून ठेवायच्या. त्या दिवशी म्हणाल्या, "मी इथेच राहणार. पण तू काळजी कर बाबा माझी. कर. कुणीतरी करणारं लागतं."

नवरा हसला, आणि मग त्याला रडू आलं. "करतो," तो म्हणाला.