गुण त्याला

माझा आवडता फ्रेंच नट कधीच नायक झाला नाही. चाळीसहून अधिक वर्षं तो बेकरीवाला, न्यायाधीश, हॉटेलचा दरवान, नाहीतर कुणाचा तरी मेहुणा म्हणून पडद्यावर येत राहिला. दोन-तीन मिनिटांत त्याचं काम आटपायचं. पण पाव कागदात गुंडाळता गुंडाळता तो असा काही थांबायचा, की बेकरीमागचं त्याचं अख्खं घर मला दिसायचं.

इथे न्यू जर्सीत, आमच्या पार्सिपनी गावाच्या लायब्ररीत त्याचे सिनेमे मिळायचे. लेक शाळेत होती तेव्हा रविवारी दुपारी ती आणि मी एखादा लावायचो. त्याला आधी कोण ओळखतं, ही शर्यत. जो ओळखेल, त्याला एक गुण. शेवटच्या नामावलीपर्यंत दोघांनाही पत्ता लागला नाही, तर गुण त्याला. बहुतेक वेळा तोच जिंकायचा.

त्या खेळाचं भूत लेकीच्या मानगुटीवर बसलं आणि ती नटी झाली. बारा वर्षांत काय मिळालं, तर डॉक्टर, नर्स, दुकानातली बाई. महाराष्ट्र मंडळातली माणसं घरी आली की मी तिचा सीन नेमका शोधून लावायचो आणि तिचं वाक्य संपलं की टीव्ही बंद करायचो. "एवढंच?" असं कुणीतरी काकू म्हणायच्याच. मलाही आतून तसंच वाटायचं, आणि ते तिला कळायचं.

गेल्या हिवाळ्यात ती घरी आली. "बाबा, आय ॲम डन. सोमवारची ऑडिशन कॅन्सल करतेय." मग तिने माझ्या हातातला रिमोट काढून घेतला. "हा माझा लास्ट पिक्चर. आज फॉरवर्ड नाही करायचं. त्याचे सगळे पूर्ण बघितलेस तू. माझा एकही नाही."

तिला शोधायचं म्हणून बसलो आणि गोष्टीत रमलो. एक माणूस बेपत्ता भावाला शोधत फिरत असतो. एका मोटेलमध्ये पांढऱ्या केसांची, जाड चष्म्याची म्हातारी त्याला खोलीची चावी देते, आणि देता देता हात क्षणभर मागे घेते.

"हिला माहितीये भाऊ कुठाय ते," मी म्हणालो. "काय बाई आहे!"

सिनेमा संपला तेव्हा मी विचारलं, "तू कुठे होतीस गं?"

तिने नामावलीकडे बोट दाखवलं. मोटेलची मालकीण, आणि त्यापुढे आमचं आडनाव.

मला रडू फुटलं. पोटच्या पोरीला मी ओळखलं नव्हतं, आणि तिच्या जन्मानंतर एवढा आनंद मला कधी झाला नव्हता.

"सो, हू गेट्स द पॉइंट?" तिने विचारलं.

"तुला," मी म्हणालो. "गुण तुला."

सोमवारी सकाळी मी तिला न्यू यॉर्कच्या बसवर सोडलं. ऑडिशन होती, कुणाच्या तरी शेजारणीच्या कामाची.