अण्णांनी न उतरवलेली थप्पी

पाऊण तास एक माणूस पाठीनं कागदांचा डोंगर तोलून उभा राहिला, आणि तो डोंगर मी हलवला होता. मल्लप्पा अण्णांची आणि माझी पहिली भेट ही अशी.

आमच्या तालुक्याच्या कचेरीत माझा तो पहिलाच आठवडा. नवरा तिथं शिपाई होता, तापानं गेला, आणि साहेबांनी मला त्याच्या जागी पाणी भरायला नि झाडलोटीला ठेवून घेतलं. वय माझं सव्वीस, अक्षरओळख शून्य. एका कारकुनानं सांगितलं, रेकॉर्डच्या खोलीतून निळी चिंधी बांधलेला बस्ता आण. बस्ता म्हणजे लाल कापडात गुंडाळून बांधलेले गावागावाचे कागद. भिंतीला लागून छतापर्यंत त्यांच्या थप्प्या. निळी चिंधी दिसली ती नेमकी एका थप्पीच्या मधोमध. मी आपली धरली आणि ओढली. वरचे बस्ते कलले, तसे कोपऱ्यात लिहीत बसलेले, रेकॉर्ड सांभाळणारे अण्णा उठले, वळले आणि पाठ लावून उभे राहिले. ना ओरडले, ना काही.

"बाई," म्हणाले, "आता म्या हितंच हुबा हाय. तू सावकाश जा आन् शिडी आन. घाई न्हाई. म्या कुटं जातोय?"

शिडी रंगाऱ्यांनी शेजारच्या शाळेत नेलेली. ती आणेपर्यंत पाऊण तास गेला. परत आले तर अण्णा तसेच. धोतर, पांढरा सदरा, गळ्यात चांदीच्या करंड्यातलं लिंग, कपाळावर विभूती आणि विभूतीतून ओघळणारा घाम. म्हणाले, "वाटंत जेवून आलीस जनू." मग मला शिडीवर चढवलं आणि वरून एकेक बस्ता खाली घ्यायला लावला. प्रत्येक बस्ता जमिनीवर ठेवायची जागा ठरलेली. सगळ्यात वरचा दारापाशी, त्याच्याखालचा त्याच्या अलीकडं, असं करत करत भिंतीपर्यंत. रचताना उलटं यायचं. चिंधीवाला बस्ता हातात आला तेव्हा म्हणाले, "बघ, आता तो सोताहून आला. मघाशी तू त्येला वढून काढत होतीस."

अण्णा उदगीरकडचे. घरात कानडी, शाळा निजामाच्या राज्यातली म्हणून उर्दूत, नोकरी मराठीत. इंग्रजी मात्र त्यांनी स्वतःच्या जोरावर मिळवलं, वरून आलेल्या कागदांतून. एखादा अडलेला शब्द दिसला की वापरलेल्या पाकिटाच्या पाठीवर लिहून घ्यायचे, आणि मग दिवसभर तो शब्द घेऊन कचेरीत हिंडायचे. "शब्दाला हात लावून बघावा लागतो," म्हणायचे. "नुस्ता वाचला तर तो पाव्हन्यावानी बसून ऱ्हातो."

मला वाचायलाही त्यांनीच शिकवलं. पाटी नाही, पुस्तक नाही. बस्त्यांवरच्या गावांच्या नावांवरून शिकवलं. पहिला 'लो' मी लोह्याचा ओळखला, 'क' कंधारचा. नांदेडकडच्या कचेऱ्यांतून आलेला एक छोटा गठ्ठा होता, त्यावर ती नावं होती. मला सही करता यायला लागली त्या दिवशी अण्णांनी माझं बोट धरून अंगठ्याच्या शाईचा डबा माझ्यापासून लांब सरकवला. "ह्यो डबा आजपासून तुज्यासाटी न्हाई," एवढंच म्हणाले, आणि उगाचच बाहेर गेले. मला वाटलं, तंबाखू थुंकायला गेले असतील. अण्णा तंबाखू खात नव्हते हे माझ्या नंतर ध्यानात आलं.

दरवर्षी वैशाखात अण्णांचा एक नेम असे. पाऊस यायच्या आत खोलीतल्या झाडून सगळ्या थप्प्या उतरवायच्या. बस्ते अंगणात उन्हाला घालायचे, कापडं झटकायची, कडुलिंबाचा पाला घालायचा आणि परत रचताना खालचा बस्ता वर, वरचा खाली. तळाला ओल धरते, वाळवी तळातूनच चढते, म्हणून एकच बस्ता दोन वर्षं तळाला ठेवायचा नाही. कारकून हसायचे. "अण्णा, कागदाला काय ऊन खायला लावता, पापड हायत का ते?" अण्णा म्हणायचे, "पापड मोडला तर दुसरा लाटता येतो रे बाबा."

मी सहा वर्षं ते काम त्यांच्या हाताखाली केलं. फक्त खिडकीच्या कोपऱ्यातली एक थप्पी ते मला करू देत नसत. "ही म्या करतो, तू चहाचं बघ," असं ठरलेलं. चहा घेऊन यावं तर थप्पी उभी, वरच्या दोन रांगांना नवा पाला, आणि अण्णा हात झटकत. मला वाटायचं, काय या माणसाचा हात चालतो.

मग लातूर जिल्हा झाला. पेढे वाटले, कमानी उभ्या राहिल्या, आणि आठवड्याभरात आमच्या कचेरीत वरून एक कागद आला. जुन्या जिल्ह्याचं रेकॉर्ड वेगळं करा, नव्याचं वेगळं करा, मुदत संपलेलं जाळून टाका, खोली रिकामी करा. कागद इंग्रजीत होता. साहेबांनी मराठीत एवढंच सांगितलं, "मल्लप्पा, आठ दिवसांत खोली मोकळी पाहिजे." पण अण्णांनी कागद स्वतः वाचायला घेतला, आणि त्यात त्यांना एक शब्द अडला. अनस्टॅक. त्यांच्या जुन्या डिक्शनरीत तो नव्हता. स्टॅक होता, म्हणजे थप्पी. त्यावरून त्यांनी अर्थ जुळवला आणि पाकीट घेऊन नेहमीसारखे निघाले.

गोदामातल्या हमालाला विचारलं, गोण्यांचं तुम्ही काय म्हणता? तो म्हणाला, थप्पी उतरवनं. कडबा घेऊन आलेल्या शेतकऱ्याला विचारलं. तो म्हणाला, गंजी मोडनं. मला विचारलं, घरात मडक्यावर मडकी असतात त्याचं काय? मी म्हटलं, उतरंड काढणं. लग्नाच्या मांडवातल्या खुर्च्या एकात एक बसवलेल्या असतात, त्या सुट्या करायच्या तर हाच शब्द. ताटंही तशीच. संध्याकाळी पाकीट भरलं. अण्णा खूश होते. "बघ कलावती, आपल्याकडं हरेकाचा येगळा शब्द. इंग्रजाचं समद्याला एकातच भागतं. त्येच्याकडं ना गंजी, ना उतरंड." मग जरा थांबून पाकिटाच्या कोपऱ्यात त्यांनी शेवटची ओळ लिहिली आणि मला वाचायला लावली. मी अडखळत वाचलं: 'पाडणे हा अर्थ नाही. वरून सुरू करावे. तळापर्यंत जावे.'

ती ओळ लिहिली आणि त्यांचा चेहराच उतरला. मी समोर होते म्हणून सांगते. त्यांनी खिडकीच्या कोपऱ्याकडं बघितलं.

सात दिवसांत आम्ही थप्प्या उतरवत आणल्या. दोन नवे कारकून मदतीला होते, ते मधूनच बस्ते ओढायचे, अण्णा त्यांना काही म्हणायचे नाहीत. एरवी म्हणाले असते. सातव्या दिवशी दुपारी खोलीत एकच थप्पी राहिली. कारकून जेवायला गेले. अण्णा त्या थप्पीसमोर फरशीवर बसले आणि म्हणाले, "बस गे माय." मला ते कधी माय म्हणत नसत.

मग त्यांनी गौराक्काचं सांगितलं.

गौराक्का त्यांची थोरली बहीण. आई लवकर गेली, आक्कानंच अण्णांना वाढवलं. पुढं नवरा वारला तशी ती भावाच्या घरी आली. बहात्तरचा दुष्काळ पडला, विहिरी आटल्या, गावंच्या गावं खडी फोडायला रस्त्यावर बसली. आक्काही हट्ट धरून बसली, मी जाणार. अण्णांनी लई समजावलं. माझी नोकरी आहे, तुला काय कमी? ती म्हणाली, "मल्लू, गावातल्या समद्या बाया उनात हायत. म्या सावलीत बसून भाकर खाऊ व्हय?" तिथल्या हजेरीपटावर नावं लिहायचं काम अण्णांकडंच होतं. बहिणीचं नाव अण्णांनी आपल्या हातानं लिहिलं. नावासमोर ती रोज अंगठा उठवायची. अण्णांनी तिला म्हटलं होतं, मी तुला सही शिकवतो. ती म्हणाली, पाऊस पडू दे, मग शिकू.

अकरा अंगठे झाले. मग तिथल्या पाण्यानं हगवण लागली, आणि दोन दिवसांत आक्का गेली. बाराव्या दिवसाच्या रकान्यात अण्णांनीच गैरहजर लिहिलं.

"तिचा फोटू न्हाई," अण्णा म्हणाले. "लुगडी संगं गेली. चेहरा मला आटवतो गे, झाकल्या डोळ्यानं आटवतो. अंगठा कसा होता ते मातर आटवत न्हाई. त्यो हित्तं हाय, ह्येच्या तळाला."

दुष्काळी कामाचे हजेरीपट काही वर्षांनी जाळायचे असा नियम. अण्णांनी तो एक बस्ता कायम जपायच्या कागदांखाली, अगदी तळाला ठेवला, म्हणजे जाळणाऱ्याच्या हाताला लागू नये. सगळ्या नोकरीत मोडलेला तेवढा एक नियम. आणि ती थप्पी त्यांनी कधी तळापर्यंत उतरवलीच नाही. दरसाल शिडी लावायचे, दोन रांगा काढायचे आणि परत ठेवायचे.

"का पण अण्णा?" मी विचारलं.

"खाली हाय तवर हाय, असं वाटायचं. बघितलं की मग त्या ठशाएवडंच ऱ्हातंय."

मी म्हटलं, "उद्या कारकून यायच्या आत आपण काढू. पान कापून घ्या. कोण बघतंय?" ते म्हणाले, "कागद सरकारचा हाय." मी म्हटलं, "कागद असंल सरकारचा. अंगठा तर आक्काचा आहे ना?" अण्णा फरशीवरून उठले, धोतर झटकलं. मग म्हणाले, "सकाळी लौकर ये."

सकाळी आले तर अण्णा नवा धुतलेला सदरा घालून उभे. खिशात कागद कापायचं पातं, आणि पान ठेवायला वहीचे दोन पुठ्ठे, स्वच्छ कागद लावून शिवलेले. रात्री बसून केले असणार. थप्पीला त्यांनी हात जोडले. मी शिडीवर चढले. वरच्या रांगा चांगल्या होत्या, पाल्याचा वास अजून येत होता. मधल्या रांगांना ओल. खालून तिसरी रांग आली तशी माझ्या हाताला माती लागली, कापडावरच, आतले कागद शाबूत. मी थांबले. अण्णा खालून म्हणाले, "दे. थांबू नको."

तळाचा बस्ता त्यांनी स्वतः उचलायला घेतला. चाळण झालेलं कापड तेवढं हातात आलं. आत कागद नव्हताच. पन्हाळीसारखी मातीची घरं, भुगा, आणि एका कडेला हजेरीपटाची जाड शिवण, दोऱ्यासकट. मेण लावलेला दोरा वाळवीला खाता आला नव्हता.

अण्णांनी तो भुगा बोटांनी चाळला. हळूहळू, तांदळातले खडे बघतात तसा. नखाएवढे चार तुकडे निघाले. एकावर त्यांचं स्वतःचं अक्षर होतं, 'गैर' एवढंच. अंगठा कशावरच नव्हता.

मी रडायला लागले. अण्णा म्हणाले, "बाकीच्या थप्प्यांतले समदे कागद वाचले गे. समदे. म्या हरसाल उतरवले म्हनून." ते माझी समजूत घालत होते की स्वतःला सांगत होते, मला आजही कळत नाही. पुठ्ठे त्यांनी तसेच परत खिशात घातले.

साहेबांना दया आली. म्हणाले, "गळतीनं गेले असं लिहा मल्लप्पा, मी सही करतो." अण्णांनी नाशाच्या यादीत लिहिलं: 'हजेरीपट, एक बस्ता. वाळवीने खाल्ला. वेळेवर उतरवला नाही. जबाबदार, मल्लप्पा.' साहेब म्हणाले, कशाला ओढवून घेता? अण्णा म्हणाले, "सायब, खरं हाय ते तेवडंच हाय."

नव्या जिल्ह्याच्या नव्या इमारतीत लोखंडी मांडण्या आल्या. प्रत्येक बस्त्याला वेगळा खण, कशावर काही नाही. अण्णांनी एकदा येऊन बघितलं, मांडणीवर हात फिरवला, "झ्याक हाय" म्हणाले. त्याच वर्षी ते निवृत्त झाले आणि उदगीरकडं गावी गेले. मला दोन पत्रं आली. दोन्हीत एकच चौकशी, वाचन चालू आहे का. मी उत्तरं लिहिली, स्वतःच्या हातानं. तिसरं पत्र त्यांच्या मुलाचं होतं. अण्णा अत्यवस्थ आहेत, निघा.

मी पोचले तेव्हा उशीर झाला होता. त्यांच्या लिंगायतांतल्या रीतीप्रमाणं अण्णांना बसतं केलेलं. डोक्याला पागोटं, विभूती, गळ्यात फुलं, मांडीवर हात. लोक येत होते, पायांना हात लावून सरकत होते. बाया म्हणत होत्या, किती शांत दिसतात, चेहरा बघून घ्या.

मी चेहरा बघितला नाही. चेहरा आठवणारच होता. त्यांच्या उजव्या हातापाशी खाली बसले आणि अंगठा बघितला. रुंद होता. नख मधोमध उभं चिरलेलं. टोकाच्या कातडीवर सुतळीनं पडलेली एक पांढरी रेघ. मागून कुणीतरी म्हणालं, "बाई, सरका, माणसं खोळंबलीत." मी म्हटलं, सरकते, आणि अजून थोडा वेळ बघत राहिले.