अण्णांचा बिनझेंड्याचा किल्ला

दत्ताअण्णा गेल्याचा फोन आला तेव्हा मी निपाणीत दुकानाचं शटर वर ढकलत होतो. वहिनी एवढंच म्हणाल्या, "भाऊजी, अण्णा गेले. या." डोळ्यांपुढं आधी त्यांचा चेहरा आला नाही, त्यांच्या अंगणातला मातीचा किल्ला आला. आणि त्यावर मी रोवलेला झेंडा... महिना होऊन गेला, तो अजून डोळ्यांपुढून हलत नाही.

अण्णा माझे चुलतभाऊ. बेळगावजवळ कंग्राळीत राहायचे, शाळेत चित्रकला शिकवायचे. दिवाळीत आमच्याकडं घरोघरी रायगड, प्रतापगड होतात. अण्णा मात्र दरवर्षी बेळगावचाच किल्ला करायचे. डोंगर नाही, कडा नाही. सपाट जमिनीवर गोल तट आणि भोवती पाण्याचा खंदक. दारात दुर्गादेवी, आत कमल बस्तीचं जैन मंदिर, पलीकडं सफा मशीद. पोरं म्हणायची, "सर, ह्यो किल्ला हाय का परात?" अण्णाही हसायचे आणि इतिहास सांगायला बसायचे. रट्टांनी बांधला, मग विजयनगर, आदिलशाही, मराठे, इंग्रज... कुणालाच गाळायचे नाहीत. रस्त्यापलीकडची कन्नड पोरं आली की तीच गोष्ट कन्नडमधून.

काही वर्षांपूर्वी ऐन दिवाळीत सीमेवर वातावरण तापलं होतं. महाराष्ट्राच्या एसट्या कोगनोळीच्या नाक्यालाच थांबत होत्या, नंबरप्लेट बघून गाड्यांवर दगड पडत होते. दुकान निपाणीत असलं तरी कंग्राळीतल्या मंडळाचा अध्यक्ष मीच. कुणीतरी अण्णांच्या किल्ल्याचा फोटो ग्रुपवर टाकला : सगळ्यांवर भगवा, ह्याच्यावर का नाही? कार्यकर्ते मला पुढं घालून त्यांच्या दारात गेले. अण्णा खंदकात पाणी ओतत होते. म्हणाले, "लावतो की. कुठल्या सालचा किल्ला धरायचा तेवढं सांगा. रट्टांचा लावू, आदिलशहाचा लावू, का आपला?" कुणी हसलं नाही. परतताना एकजण मला म्हणाला, "तुमचा भाऊ कुणाकडचा ओ?"

तो प्रश्न अंगाला चिकटला. दुसऱ्या दिवशी अण्णा बाजाराला गेलेले बघून मी आत शिरलो आणि दरवाजाशेजारच्या बुरुजात झेंडा रोवला. भावाला वाचवतोय, अशी मी स्वतःची समजूत घातली होती. खरं तर मलाच वाचायचं होतं.

अण्णा आले, झेंडा बघितला. मग मला बोलावून घेतलं. आवाज चढला नव्हता.

"लावलास व्हय, संजू? आता काढून दाखव."

मला काढता आला नाही. त्यांनाही नाही. रोवलेला झेंडा कुणाच्या हातानं उतरला, हे आमच्याकडं लोक विसरत नाहीत. फोटो पुन्हा फिरला. पलीकडची पोरं यायची थांबली. त्यांच्याऐवजी दोन मोठी माणसं आली, फाटकाबाहेरून मोबाईलवर सगळं टिपून निघून गेली. वारा सुटला की अण्णांचा जीव वरखाली व्हायचा. "आडवा झाला तर आपले मारतील, उभा ऱ्हायला तर ते," असं वहिनींना म्हणायचे. स्वतः न लावलेल्या झेंड्याची राखण करत ते दिवाळीभर अंगणात खुर्ची टाकून बसले. मी समोरच्या कट्ट्यावरून बघत होतो... जवळ गेलो नाही.

तुळशीच्या लग्नानंतर सगळ्यांचेच किल्ले मोडतात, तेव्हा कुठं तो झेंडा उतरला. अण्णांनी किल्ला मोडला नाही, पण पुढं नवाही केला नाही. आमचं बोलणं तुटलं नव्हतं. तब्येत, लग्नं, घराचं बांधकाम, सगळं बोलायचो. किल्ला तेवढा टाळायचो.

बाराव्याला अंगणात गेलो. तट उभे होते. अण्णा शेवटपर्यंत शेणमातीनं भेगा लिंपायचे, असं वहिनी म्हणाल्या. कुठंही साधी चीर नव्हती. फक्त त्या एका बुरुजात काठीचं भोक तसंच होतं.

मी बघतोय हे वहिनींनी पाहिलं. "मी बुजवायला गेलते एकदा," त्या म्हणाल्या. "तर म्हणाले, ऱ्हाऊ दे. ते संजूचं काम हाय."

मी खाली बसलो. खंदकातली ओली माती बोटानं आत ढकलली. भोक वाटलं होतं त्याहून खोल निघालं... माती पुन्हा पुन्हा घ्यावी लागली.