जावळाचा मामा

घाटनांदूरच्या बाजारगल्लीत राधाकिशनची कात्री थांबेल, पण तोंड थांबायचं नाही. दाढीला बसलेल्या माणसाला मान हलवता येत नाही, याचा इतका फायदा दुसऱ्या कुणी घेतला नसेल. सोयाबीनचा भाव असो की कुणाच्या पोरीचं स्थळ, त्याचा निकाल ठरलेला. तरी गल्ली त्याच्याकडेच यायची, कारण माणूस फटकळ असला तरी जीव लावणारा. त्याला गर्व एकाच गोष्टीचा: गल्लीतल्या प्रत्येक पोराचं जावळ त्यानेच काढलं होतं. हाताखाली शिकून अंगदने समोरच सलून टाकलं, तेव्हापासून त्याच्याशी मात्र अबोला होता.

परवा शेजारच्या किराणावाल्या राजेश्वरच्या पोराचं जावळ होतं. राधाकिशन वस्तऱ्याला नवं पातं लावून ओसरीवर तयार होता. बाळाला मामाच्या मांडीवर बसवायचं असतं. पण राजेश्वरच्या बायकोला, वर्षाराणीला, सख्खा भाऊ नाही. येतो म्हणालेल्या चुलतभावाने ऐनवेळी फोनवर हात वर केले.

"बसवा बापाच्याच मांडीवर," सासू दानम्मा म्हणाल्या. "मामाच न्हाई तर काय करावं?"

बाळाचं टोपडं सोडता सोडता वर्षाराणीचे डोळे भरून आले. राधाकिशनला ते बघवेना. लग्न होऊन आल्यापासून ही पोर रोज 'भाऊ, च्या घ्या' म्हणत दुकानात कप आणून ठेवायची. एरवी भाऊ म्हणवून घ्यायचं आणि वेळेला वस्तरा धरून नुसतं बसायचं, याची त्याला लाज वाटली.

त्याने वस्तरा ताटात ठेवला आणि रस्त्यात जाऊन उभा राहिला.

"अंगद, इकडं ये."

अंगद दचकून बाहेर आला. "काहून, वस्ताद?"

"जावळ तू काढ. मला मामा व्हायचंय."

राधाकिशनने मांडी घातली आणि बाळाला छातीशी धरलं. अंगद वस्तरा उचलून वस्तादाच्याच तोंडाकडे बघत राहिला.

"माझ्याकडं बघू नको बे, डोस्क्याकडं बघ."

बाळाने रडून गल्ली डोक्यावर घेतली आणि मामाचा सदराही ओला केला. न्हाव्याच्या मानाचा नारळ अंगदला गेला. वर्षाराणीने राधाकिशनला कुंकू लावून टॉवेल-टोपी दिली.

ती टोपी घालूनच तो आता दुकानात बसतो. कुणी म्हणतं, "राजेश्वरच्या पोराचं जावळ लई सफाईनं काढलंस." तेव्हा कात्री थांबते.

"अंगदनं काढलं. मी पोराचा मामा हाय," तो म्हणतो, आणि पुढे काहीच बोलत नाही.