सुतक फिटलेली बाई

माझी मैत्रीण केनियाची. तिकडच्या तुर्काना लोकांतली. नांदेडला आम्ही एका खोलीत राहायचो, ती फार्मसीला होती आणि मी समाजकार्याला. आली तेव्हा तिच्या गळ्यात मण्यांचे पाच-सहा सर होते. लाल, निळे, पिवळे, आणि मधेमधे शहामृगाच्या अंड्याच्या कवचाचे पांढुरके मणी. तिच्या आईनं ओवलेले. अंघोळीलाही ती ते काढायची नाही.

या माळांवरून नांदेडनं तिला काय काय सोसायला लावलं ते लिहायलाच पाहिजे, कारण आपण फार पाहुणचारवाले आहोत असा आपला समज आहे. शेअर रिक्षात बायका न विचारता तिच्या गळ्याला हात घालून मणी चाचपायच्या. पोरं मोबाईल काढायची. कॉलेजच्या गॅदरिंगला तिला सांगितलं, तुमचा तो जंगलातला डान्स कर. ती म्हणाली, "मला नाचता येत नाही. बुद्धिबळ येतं." हसले ते मी एकटीच.

या मण्यांचा अर्थ काय, असं मीही तिला विचारलं होतं. तिनं वहीत लिहून घेण्यासारखं काही सांगितलं नाही. म्हणाली, "आमच्या गावात लांबून गळा बघूनच बायकांना कळतं. हिचं लग्न झालंय की व्हायचंय, ही कुठल्या घरची, घरात हिचे लाड आहेत की नाहीत. पण मोकळ्या गळ्याची बाई दिसली की काळजी वाटते. ती आजारी तरी असते, नाहीतर तिचं कुणीतरी गेलेलं असतं."

मग तिचीच आई गेली.

व्हिसा आणि परीक्षेच्या भानगडीत तिला जाता आलं नाही. खाटेवर बसून तिनं एकेक सर काढला, फडक्यात बांधला आणि बॅगेच्या तळाशी ठेवला. दुसऱ्या दिवशी जिन्यात आम्हाला घरमालकीण भेटली. मैत्रिणीच्या मोकळ्या गळ्याकडं बघून म्हणाली, "बरं झालं बाई ते लोढणं काढलंस. आता कशी माणसात आल्यावानी दिसतीस."

तोवर तिला मराठी चांगलं समजायला लागलं होतं. ती वर निघून गेली. मी मात्र तिथंच घरमालकिणीशी भांडले.

"मी चांगलंच म्हणले की!" घरमालकीण म्हणाली. तिला अजूनही तसंच वाटत असणार.

वर्ष होत आलं तेव्हा तिच्या मावशीचा फोन आला. दुखवटा संपला, आता मणी घाल. पण स्वतःच्या हातानं नाही घालायचे. त्यांच्या घरात रीत अशी की, जिनं आपल्या गेलेल्या माणसासाठी कधीतरी मणी काढले आणि सुतक फिटल्यावर परत घातले, अशा मोठ्या बाईनं ते घालायचे. मावशी स्वतः विधवा, तिनंच इतकी वर्षं घरातल्या पोरींना घातले होते. ती म्हणाली, तुला इतक्यात येणं जमत नसेल तर तिकडचीच एखादी बघ.

मला बघायला कुठं जायचं नव्हतं. माझी आई लातूरला असते. डॉक्टर व्हायला आलेल्या क्लासच्या पोरांचे डबे करते. बाबा गेले तेव्हा मी आठवीत होते. विधवा प्रथा बंद करा, पोत तोडू नका, बांगड्या फोडू नका, अशी पत्रकं मी लिहिते, गावोगाव वाटते. आणि इथं तर विधवेच्या हाताला मान होता! आम्ही दोघींनी लातूरची बस पकडली.

आईनं तिला आधी पोटभर जेवू घातलं. "किती वाळलीय ही! हिला काय खाऊ घालतीस का न्हाई गं?"

"मॅगी देती, मावशी," मैत्रीण म्हणाली.

"तिला तेवढंच येतं. मॅगी आन् भाषण."

जेवण झाल्यावर मैत्रिणीनं फडकं सोडून सर चटईवर मांडले. आईनं पदराला हात पुसले, एक सर उचलून उजेडात धरला. "लई बारीक ओवलंय. तुझ्या आईनं?"

"हो."

मी आईला सगळी रीत सांगितली. ती शेवटपर्यंत ऐकत राहिली. मग सर होता तिथं ठेवला.

"मला न्हाई जमायचं."

मी सुरूच झाले. विधवेचा हात अशुभ, हे ठरवलं कुणी? कुठल्या शास्त्रात...

"गप गं. माझ्या हाताचं कोण बोललं? एवढी पोरं ह्या हातचं खाऊन डॉक्टर व्हायला निघाली. हात चांगला हाय माझा." मग ती मैत्रिणीकडं वळली. "पोरी, तुझी मावशी काय म्हणली? सुतक फिटलेली बाई पाहिजे ना?"

"हो, मावशी."

"मग माझं कुठं फिटलंय?"

"म्हणजे?" मी विचारलं.

"तेराव्याला समद्यांचं फिटलं. हिचं फिटलं, हिच्या काकांचं फिटलं. टॉवेल-टोप्या झाल्या, गोड जेवले, गेले. माझी पोत मात्र दहाव्याला नळाखाली बसवून काढली ती काढलीच. परत घाल म्हणून कुणी म्हणलंच न्हाई. मी आजून तिथंच बसलेली हाय बाई. तुला कुठून बाहेर काढू?"

मैत्रिणीला हे समजावून सांगावं लागलं नाही. ती आईजवळ सरकली. "मग मी थांबते. तुमचं फिटलं की घाला."

आई हसली. डोळे भरले होते, पण हसली. "माझ्यासाठी थांबलीस तर म्हातारी होशील की! घरी गेल्यावर मावशीच्या हातनं घाल."

मला राहवलं नाही. "उद्या गंजगोलाईच्या बाजारातून पोत आणते. मी घालते तुला."

"तू?" आई म्हणाली. "तुझ्या गळ्यातलं कधी काढलंय का कुणी?"

मैत्रिणीनं सर गोळा केले आणि फडक्याला गाठ मारली. नांदेडला उरलेले महिने ती मोकळ्या गळ्यानंच हिंडली. आता रिक्षात कुणी तिला हात लावायचं नाही. सगळ्यांना ती बरी दिसायला लागली होती. त्याचा मला जास्त संताप यायचा. परीक्षा झाली आणि ती गेली.

गेल्या आठवड्यात तिचा फोटो आला. अंगणात खाली बसलीय, गळ्यात सगळे सर आहेत, आणि मावशी मागं वाकून ते सारखे करतेय. लातूरला होते, म्हणून तिथंच आईला दाखवला. आईनं दोन बोटांनी फोटो मोठा केला. पोरीकडं एकदा बघितलं, मग मावशीकडंच बघत राहिली. मावशीचा गळा हनुवटीपर्यंत मण्यांनी भरलेला होता.

"हिचा मालक गेलेला ना?"

"हो. लई आधी."

आईनं मोबाईल मला दिला आणि परातीतली कणीक मळायला घेतली. संध्याकाळचे डबे व्हायचे होते. गोळे करता करता, मान वर न करता तिनं विचारलं, "काढल्यावर किती दिवसांनी घातलं गं तिनं?"

"विचारू का?"

"ऱ्हाऊ दे," ती म्हणाली. "मला काय करायचंय."