किसलेला कसावा थांबत नाही

हिपोलितामावशी म्हणजे माझ्या आईची थोरली बहीण. आमच्या पुंता कोकालमध्ये तिच्यासारखी पातळ आणि कुरकुरीत कसाव्याची भाकरी कुणाला भाजता यायची नाही, आणि तिच्यासारखं फटकळ बोलताही यायचं नाही. भाकरीसाठी लोक लांबून यायचे. बोलणं ऐकायला कुणी येत नसे, ते भाकरीबरोबर फुकट मिळायचं.

आम्हा समुद्रकाठच्या गारिफुना लोकांत घर बाईचं आणि शेतही बाईचं. पुरुष समुद्राचा. तो मासे आणतो, मोठ्या जहाजावर नोकरीला जातो, वर्षानुवर्षं तोंड दाखवत नाही, आणि आला की बायकोच्या घरात आपली झोळी टांगतो. बायकोचं मन उडालं तर ती त्याचं गाठोडं आणि कोयता दाराबाहेर ठेवते, की झाली काडीमोड. मावशीने पहिला नवरा असाच घालवला. गाठोड्यावर त्याची टोपी नीट ठेवली आणि आत जाऊन गाणं म्हणत मासे साफ करत बसली. तो आला, टोपीकडे बघितलं, ती डोक्यावर चढवली आणि आपल्या आईकडे चालता झाला. वकील नाही, कोर्ट नाही. दुसरा नवरा मात्र गुणाचा होता. त्याला समुद्राने नेलं. त्याचे काळे चामडी बूट तेवढे घरात राहिले.

मावशीचं शेत नदीपलीकडच्या उतारावर होतं. तिथून सगळा किनारा दिसायचा, पण ती कधी किनारा बघत बसली नाही. शेत तिच्या आईचं, त्याआधी आजीचं. कसावा म्हणजे कंद, तो बियांनी लावत नाहीत. जुन्या झाडाची काठी तोडायची, तिचे तुकडे करायचे आणि मातीत खोचायचे. म्हणजे माझ्या पणजीने लावलेली काठीच अजून त्या उतारावर फुटत होती. हे मी आता बोलते आहे. तेव्हा हे सगळं इतकं उघड होतं की त्यावर बोलावंसं कुणाला वाटलंच नाही.

मग एक दिवस राजधानीहून जमिनीची नोंद करणारे साहेब आले. फुटबॉलच्या मैदानाशेजारी बदामाच्या झाडाखाली त्यांनी टेबल मांडलं. कर्ण्यावरून सांगितलं की नवा कायदा आला आहे, आता जमीन पुरुषाच्या नावावर करता येईल, बाईच्या नावावर करता येईल, दोघांच्याही. कायद्यापुढे स्त्री आणि पुरुष समान.

ते ऐकलं तेव्हा आम्ही सगळ्या मावशीच्या परसात कसावा किसत होतो. शेजारची सिरिला म्हणाली, "समान? म्हणजे आता आपण खाली उतरायचं की काय?"

एवढ्या हसलो आम्ही, की एकीची बोटं किसणीवर घासली.

त्या दिवशी किसायची पाळी मावशीकडे होती. आमच्याकडे एकीचा कसावा असला की गल्लीतल्या सगळ्या बायका तिच्या परसात जमतात. कच्चा कसावा विषारी. तो किसायचा, मग रुगुम्यात भरायचा. रुगुमा म्हणजे वेताची विणलेली लांब पिळणी. ती वर टांगायची, खालच्या टोकातून दांडा घालायचा आणि दोघीतिघींनी त्या दांड्यावर बसून सगळं विष पिळून काढायचं. एकटीचं ते काम नाही. आणि किसलेला कसावा थांबत नाही. ऊन चढलं की आंबतो, मग डुकरांनाही घालता येत नाही.

त्यामुळे मावशीने आपल्या धाकट्या भावाला, नोर्बेर्तोमामाला, हाक मारली. तिच्याच हाताखाली वाढलेला तो, जहाजावरून सुट्टीला आला होता.

"जा रे, त्या साहेबांना काय लिहून हवंय ते देऊन ये. तुझं स्पॅनिश चांगलं आहे. आणि अनवाणी जाऊ नकोस, ते बूट घाल."

"काय सांगू, अक्का?"

"काय सांगायचंय? सांग, आमची जमीन आहे."

मामाने अक्षरशः तेच सांगितलं. साहेबांनी विचारलं, कुटुंबप्रमुख कोण, तर रांगेतले सगळे पुरुष एकमेकांकडे बघून हसले. पाहुण्यासमोर आई-बहिणीचं नाव घेऊन तिला टेबलापाशी कशाला ओढायचं, म्हणून ज्याने त्याने आपलं नाव सांगितलं. हजर तो वजीर. कुणी भावाला पाठवलं होतं, कुणी जावयाला. आमच्या दृष्टीने तो निरोप्या होता. बाजारातून मीठ आणायला पाठवावं तसं पाठवलं होतं त्याला.

मामा कागद घेऊन आला तेव्हा मावशी दांड्यावर बसली होती, हात कोपरापर्यंत पांढरे. "आढ्याला खोच," ती म्हणाली. मामाने खोचला. बूट काढून जागेवर ठेवले आणि तोही दांड्यावर येऊन बसला.

मामा वाईट नव्हता, हे मला ओरडून सांगावंसं वाटतं. पुढे त्याने बंदराच्या शहरात दामारिस नावाच्या बाईशी लग्न केलं, चर्चमध्ये, कायदेशीर. त्याला दोन मुली झाल्या. तरी गावी आला की अक्काला विचारल्याशिवाय तिच्या शेतातलं केळंही तोडायचा नाही. मग एका सकाळी जहाजाच्या डेकवर छाती धरून खाली बसला तो उठलाच नाही. आम्ही त्याच्यासाठी नवव्या रात्री ढोल वाजवले, नाचलो, रडलो. दामारिस आली होती. तिला आमचा नाच कळला नाही, ती कोपऱ्यात रडत राहिली. मावशीने तिला पोटाशी धरलं आणि निघताना भाकऱ्यांचा गठ्ठा बांधून दिला.

पुढच्या वर्षी दामारिसच्या वकिलाची नोटीस आली, शेत सोडा म्हणून. उतारावर कुणाला तरी हॉटेल बांधायचं होतं. कागदावर नाव मामाचं. मामाच्या मागे बायकोचं आणि मुलींचं.

दामारिस चेटकीण असती तर बरं झालं असतं. निदान शिव्या तरी पोटभर दिल्या असत्या. पण कोर्टाच्या पायरीवर ती मावशीसमोर येऊन उभी राहिली. लोकांचे कपडे धुऊन तिचे हात सोलवटलेले.

"वन्सं, मी तुमचं काही चोरत नाहीये. माझे वडील गेले तेव्हा काकांनी आईला नेसत्या कपड्यानिशी बाहेर काढलं होतं. तेव्हा बाईला काही मिळतच नव्हतं. आता कायदा आलाय आमच्यासारख्यांसाठी. मी नको म्हणू का? पोरींना काय सांगू?"

मावशीला स्पॅनिश कामापुरतंच यायचं. मी तिला अर्थ सांगितला. त्या बाईचं म्हणणं खोटं नव्हतं, खरी आग तिथेच होती.

न्यायाधीश बाई निघाली. तरुण, चष्मेवाली, आवाज मऊ. सिरिला माझ्या कानात म्हणाली, "झालं, जिंकलो आपण."

मी दुभाषी म्हणून मावशीशेजारी उभी राहिले. न्यायाधीशबाईंनी विचारलं, "शेतात काम कोण करायचं?"

"मी," मावशी म्हणाली. मागे बसलेल्या सगळ्या म्हणाल्या, "हीच!" त्यांना गप्प बसवण्यात आलं.

"पण तुमच्या ओळखपत्रावर व्यवसाय घरकाम लिहिलाय."

गावातल्या प्रत्येक बाईच्या ओळखपत्रावर तेच आहे. माझ्याही. लिहिणाऱ्याने विचारलंच नव्हतं.

"मग?" मावशी म्हणाली. "घरचंच काम आहे ना ते?"

कोर्टात हशा पिकला. मावशीला वाटलं, आपण चांगलं बोललो. तीही हसली. तिचं ते हसणं मला अजून सहन होत नाही.

मग दामारिसचा वकील उठला. "इतकी वर्षं तुम्ही शेतात राबलात. नोर्बेर्तोंनी कधी हरकत घेतली?"

"त्याची काय बिशाद!"

"नोंद घ्यावी," वकील म्हणाला, "की मालकाने बहिणीला शेत वापरू दिलं होतं. त्याची हरकत नव्हती."

मी स्पॅनिशमधून आमच्या भाषेत आणि आमच्या भाषेतून स्पॅनिशमध्ये शब्द नेत होते, आणि प्रत्येक शब्द पलीकडे पोचला की मावशीवरच उलटत होता. शेत आईकडून मुलीकडे जातं, असं मी सांगितलं. न्यायाधीशबाईंनी विचारलं, त्याचं मृत्युपत्र आहे का, नोंद आहे का, काही लेखी? मावशी म्हणाली, "कसावा आहे की. येऊन बघा म्हणावं." मी तेही सांगितलं. बाईंनी चष्मा काढून पुसला. त्यांनाही वाईट वाटत असावं. पण वाईट वाटण्याचं कलम कायद्यात नव्हतं.

निकाल देताना त्या मनापासून बोलल्या. पूर्वी विधवेला दारोदार फिरावं लागे, आता पतीच्या मालमत्तेवर पत्नीचा हक्क आहे, मुलींचा मुलांइतकाच आहे, आणि हे न्यायालय स्त्रियांच्या पाठीशी उभं आहे. त्यातला एक शब्दही चुकीचा नव्हता. कुंपणाने शेत खाल्लं असं म्हणावं, तर कुंपण शेजारच्या बाईसाठी घातलेलं होतं.

बाहेर आल्यावर मावशीने विचारलं, "काय म्हणाली गं ती एवढं?"

माझ्या तोंडून निघून गेलं, "बाईच्या बाजूने निकाल लागला, मावशी."

"कुठल्या बाईच्या?"

मी पायऱ्या उतरणाऱ्या दामारिसकडे बघितलं. मावशीला कळलं.

उभं पीक काढून घ्यायची तेवढी सवलत मिळाली. आम्ही गल्लीतल्या सगळ्या बायका उतारावर गेलो. अशी खणणी असली की आमची गाणी नदीअलीकडे ऐकू येतात. त्या दिवशी कुणी तोंड उघडलं नाही. मावशीने काठ्या तोडून मोळ्या बांधल्या, घरटी एक दिली. पण ज्यांच्याकडे जागा होती त्यांच्याकडे त्यांच्याच आईच्या काठ्या होत्या. बऱ्याच मोळ्या कुंपणाला टेकून वाळल्या. पुढे उतारावर तारा लागल्या, फाटक आलं, फाटकावर राखणदार आला. तो आमच्याच गावचा. मावशी दिसली की टोपी काढायचा. मावशीने तो रस्ताच सोडला.

एकटीने घरात बसवेना, तेव्हा ती माझ्याकडे राहायला आली. माझ्या परसामागे तिने चार काठ्या खोचल्या. तिथे सगळी वाळू. कसावा धरला नाही, कुजला. त्यानंतर ती माझ्याच कसाव्याचं काम करायची. भाकरी तशीच पातळ. फक्त भाकरीबरोबर मिळणारं बोलणं बंद झालं. सिरिला मुद्दाम चिडवायची, "हिपोलिता, आज एकही शिवी नाही? बरं नाही का गं?" मावशी तवा पुसत राहायची.

मग जमिनीचे साहेब पुन्हा आले. गावाच्या अलीकडच्या बाजूची शेतं मागच्या खेपेला राहिली होती, त्यांत आईकडून माझ्याकडे आलेलं शेतही होतं. त्याच बदामाखाली टेबल. आणि नेमका त्याच दिवशी आमच्याकडे कसावा. पहाटेपासून सगळ्या जमलेल्या, टोपली भरून कीस झालेला. कर्णा वाजायला लागला तशी मी दाराकडे बघितलं. माझा भाऊ ओट्यावर बसून जाळं विणत होता. बाकीच्या बायकाही माझ्याकडेच बघत होत्या, कारण जिला तिला त्या बाजूला आपापलं शेत होतं.

मावशी म्हणाली, "जा."

"आणि हे?"

"आंबू दे."

जन्मात मूठभर कीस जिने सांडू दिला नाही ती हे म्हणाली. आम्ही सगळ्या उठलो. पांढऱ्या हातांनीच जाऊन रांगेत उभ्या राहिलो. कुटुंबप्रमुख कोण, असं विचारल्यावर या वेळी कुणी हसलं नाही. मी माझं नाव सांगितलं. व्यवसाय शेती, हे दोनदा सांगावं लागलं. ऊन डोक्यावर आलं, कलतं झालं, तेव्हा कुठे माझा कागद हातात आला.

परत आले तर गल्लीच्या तोंडापासूनच आंबट वास येत होता. रुगुमा रिकामा लोंबत होता. मावशी टोपलीशेजारी बसून होती. तिने माश्यासुद्धा हाकलल्या नव्हत्या. मी कागद पुढे केला. तिने तो हातात घेतला नाही. ती टोपलीकडेच बघत होती.

"त्या दिवशी," ती म्हणाली, "एवढंच आंबलं असतं."